विल्यम डीन : साठ गोल व आठ पौंड

खेळाडूची कीर्ति बहुधा त्याच्या गुडघ्यांइतकीच टिकते. कवीचें काव्य त्याच्यामागें राहतें, सुताराची पेटी नातवंडांच्या उपयोगी पडते. धांवणाऱ्याचा वेग मात्र त्याच्या पायांबरोबरच थांबतो. तथापि एखादा आंकडा असा असतो कीं, तो खेळाडूच्या पश्चातहि पुसला जात नाहीं. इंग्लंडच्या फुटबॉलच्या इतिहासांत ‘६०’ हा तसा आंकडा आहे. १९२७-२८ च्या हंगामांत एव्हर्टन क्लबाच्या विल्यम राल्फ डीन यानें लीगच्या सामन्यांत साठ गोल केले. या गोष्टीस आतां शंभर वर्षें होत आलीं. परंतु त्या देशाच्या पहिल्या वर्गांत एका हंगामांत इतके गोल दुसऱ्या कोणासहि करतां आलेले नाहींत.

हा आंकडा पुष्कळांस ठाऊक आहे. त्याच्या शेजारीं दुसरा एक आंकडा लिहून ठेवण्याजोगा आहे, तो म्हणजे आठ. हजारों लोक ज्याच्या नांवाचा जयघोष करीत, त्या खेळाडूस आठवड्याला जास्तींत जास्त आठ पौंड पगार देण्याचीच मुभा होती. या दोन आंकड्यांच्या मध्यें एका माणसाचें आयुष्य सामावलेलें आहे. मुलगा खेळाच्या नादीं लागला म्हणून काळजी करणाऱ्या पालकांनीं, आणि खेळ हेंच सर्वस्व मानणाऱ्या विद्यार्थ्यांनीं तें एकदां नीट पाहावें, एवढ्याच हेतूनें हा लेख लिहिला आहे.

डीनचा जन्म २२ जानेवारी १९०७ रोजीं बर्कनहेड येथें झाला. हें शहर मर्सी नदीच्या पश्चिम तीरावर असून पलीकडच्या तीरावर लिव्हरपूलचें मोठें बंदर आहे. जहाजें बांधणें, गोदींत मालाची चढउतार करणें आणि रेल्वे यांवर तेथील कष्टकरी वस्तीचा निर्वाह चाले. डीनचे वडीलहि रेल्वेंत नोकरीस होते. १९१४-१५ च्या हंगामांत त्यांनीं आपल्या मुलास नदीपलीकडे गुडिसन पार्क या मैदानावर एव्हर्टनचा खेळ पाहावयास नेलें, आणि याच संघांतून आपण खेळावयाचें अशी इच्छा त्या आठ वर्षांच्या मुलाच्या मनांत रुजली. चौदाव्या वर्षीं त्याची शाळा सुटली. शाळा सुटली कीं काम धरावयाचें ही त्या वस्तीची रीतच होती. तो विरल रेल्वेंत फिटरच्या हाताखालीं उमेदवार म्हणून राहिला. आणि दिवसां खेळावयास सांपडावें म्हणून त्यानें रात्रपाळीचें काम पत्करलें.

येथें एका गोष्टीचा खुलासा करणें अवश्य आहे. डीनला लोक ‘डिक्सी’ या टोपणनांवानें ओळखीत, आणि पुस्तकांतहि तेंच नांव आढळतें. त्याचा सांवळा वर्ण व काळे कुरळे केस यांवरून तें पडलें असें बहुतेक मानतात. त्याला स्वतःला तें आवडत नसे. आपणांस ‘बिल’ म्हणावें अशी त्याची इच्छा असे. ज्याच्या नांवाचा गजर झाला, त्यालाच तें नांव नकोसें होतें! वर्गांतील सोबत्याच्या रंगावरून वा रूपावरून नांवें पाडणाऱ्या मुलांनीं याचा विचार करावा. या लेखांत आम्ही त्याला डीन असेंच म्हणूं.

धंदेवाईक फुटबॉलची रचना समजल्याविना डीनच्या आयुष्याचा अर्थ लागणार नाहीं. इंग्लंडांत फुटबॉल लीग १८८८ सालीं स्थापन झाली. पुढें क्लबांची संख्या वाढली, तेव्हां शाळेंतील इयत्तांप्रमाणें त्यांचे वर्ग पाडण्यांत आले. दोन्ही महायुद्धांच्या मधल्या काळांत पहिला, दुसरा, आणि तिसऱ्याचे उत्तर व दक्षिण असे दोन भाग, अशी व्यवस्था होती. जिंकणाऱ्या संघास दोन गुण व बरोबरीस एक गुण मिळे. हंगामाच्या शेवटीं पहिल्या वर्गांतील तळचे दोन संघ दुसऱ्यांत उतरत व दुसऱ्यांतील पहिले दोन वर चढत. खेळाडूंची स्थिति मात्र विद्यार्थ्यांसारखी नव्हती. विद्यार्थी दाखला घेऊन दुसऱ्या शाळेंत जाऊं शकतो. खेळाडूनें एकदां करारावर सही केली कीं, मुदत संपल्यावरहि मूळ क्लबानें सोडल्याशिवाय त्याला लीगमधील दुसऱ्या क्लबाकडून खेळतां येत नसे. दुसऱ्या क्लबास तो हवा असल्यास मूळ क्लबाला पैसे मोजावे लागत. आणि ते पैसे क्लबाच्या तिजोरींत जात, खेळाडूच्या खिशांत नव्हे.

डीन प्रथम आपल्याच गांवच्या ट्रॅनमियर रोव्हर्स या तिसऱ्या वर्गांतील क्लबांत शिरला. १९२४-२५ च्या हंगामांत त्यानें तेथें लीगच्या सत्तावीस सामन्यांत सत्तावीस गोल केले. अठरा वर्षांच्या मुलाचा हा पराक्रम ऐकून मोठमोठे क्लब धांवून आले. १९२५ च्या मार्च महिन्यांत एव्हर्टननें ट्रॅनमियरला ३००० पौंड देऊन त्याला घेतलें, आणि नदीपलीकडच्या मैदानाचें बाळपणींचें स्वप्न खरें झालें.

त्याच वर्षीं खेळाच्या नियमांत एक मोठा फेरफार झाला. फुटबॉलमध्यें ‘ऑफ-साइड’ नांवाचा नियम आहे. सोबती आपणांकडे चेंडू टोलवितो त्या क्षणीं आपण प्रतिपक्षाच्या हद्दींत चेंडूच्या पुढें असलों, तर आपल्या व प्रतिपक्षाच्या गोलरेषेच्या दरम्यान त्यांचे ठराविक खेळाडू असावे लागतात. नसतील तर खेळ थांबतो. पूर्वीं ही संख्या तीन होती. संरक्षक मंडळी युक्तीनें पुढें सरकून पुढच्या फळीस वारंवार या जाळ्यांत पकडीत, त्यामुळें खेळ कंटाळवाणा होऊं लागला. १९२५ च्या जून महिन्यांत ही संख्या तीनांवरून दोनांवर आणण्यांत आली. परिणाम तत्काळ दिसला. १९२४-२५ मध्यें लीगच्या सर्व वर्गांत मिळून ४७०० गोल झाले होते. पुढल्या हंगामांत ६३७३ झाले. डीनच्या यशांत या फेरफाराचा वांटा आहे, हें प्रामाणिकपणें सांगितलें पाहिजे. परंतु नवा नियम सर्वांनाच सारखा लागू होता; पहिल्या वर्गांत साठ गोल मात्र एकट्यानेंच केले. नव्या नियमाखालच्या पहिल्या हंगामांत डीनचे लीगमधील गोल बत्तीस होते.

इतक्यांत त्याच्यावर मोठें संकट ओढवलें. १९२६ च्या जून महिन्यांत उत्तर वेल्समधील हॉलीवेलजवळ त्याच्या मोटारसायकलीस अपघात झाला. कवटी फुटली, जबडा मोडला. तो पुन्हा खेळूं शकेल असें डॉक्टरांस वाटत नव्हतें. तो त्या वेळीं अवघा एकोणीस वर्षांचा होता. ज्याची खरी विद्या डोक्यानें चेंडू मारण्याची, त्याचेंच डोकें फुटावें, यासारखा दैवदुर्विलास कोणता? परंतु हाडें सांधलीं, आणि त्याच वर्षाच्या ऑक्टोबरांत तो पुन्हा मैदानावर उतरला. त्या अपुऱ्या हंगामांतहि त्यानें लीगमध्यें एकवीस गोल केले. १९२७ च्या फेब्रुवारींत तो वेल्सविरुद्ध इंग्लंडच्या राष्ट्रीय संघांतून प्रथम खेळला, आणि पहिल्या पांच आंतरराष्ट्रीय सामन्यांत त्याचे बारा गोल झाले. अपघातास तेव्हां एक वर्षहि पुरतें लोटलें नव्हतें.

यानंतर आला तो १९२७-२८ चा हंगाम. आदल्याच वर्षीं मिडल्सब्रोच्या जॉर्ज कॅमसेलनें दुसऱ्या वर्गांत खेळतांना एकोणसाठ गोल केले होते. तो आंकडा मोडणें अशक्य आहे असें लोक समजत. डीननें हंगामाच्या आरंभींच्या नऊहि सामन्यांत गोल केले. त्यांपैकीं ऑक्टोबरांतील मँचेस्टर युनायटेडविरुद्धच्या सामन्यांत एव्हर्टनचे पांचहि गोल त्याचे एकट्याचे होते. तरी शेवटचे तीन सामने उरले, तेव्हां कॅमसेलच्या पुढें जाण्यास आणखी नऊ गोल हवे होते. अॅस्टन व्हिलाविरुद्ध दोन झाले, बर्न्लीविरुद्ध चार झाले. उरले तीन गोल, आणि उरला एक सामना.

तो सामना ५ मे १९२८ रोजीं गुडिसन पार्कवर आर्सेनलशीं झाला. एव्हर्टनचें विजेतेपद आधींच निश्चित झालें होतें. सर्वांचे डोळे एकाच माणसाकडे लागले होते. आर्सेनलनें आरंभींच एक गोल केला, पण डीननें लगेच बरोबरी केली. दुसरा गोल त्यानें पेनल्टीवर केला. त्यानंतर मात्र वेळ सरूं लागला व तिसरा कांहीं केल्या होईना. अखेर सामना संपण्यास थोडींच मिनिटें उरलीं असतां कोपऱ्यावरून अॅलेक ट्रूपनें चेंडू उंच टाकला, आणि गर्दींतून उसळून डीननें तो डोक्यानें जाळ्यांत घातला. साठ! सामना ३-३ असा बरोबरींत सुटला. संघाच्या बेचाळीस सामन्यांपैकीं डीन एकोणचाळीसच खेळला होता, आणि एव्हर्टनच्या त्या वर्षींच्या १०२ गोलांपैकीं साठ त्याचे होते.

हें त्याला साधलें कसें? तो कांहीं फार उंच नव्हता. उंची सुमारें पांच फूट दहा इंच. चेंडू कोठें उतरेल हें आधींच ओळखणें, नेमक्या क्षणीं उडी घेणें, आणि टाळूनें न मारतां कपाळानें मारणें, या तीन गोष्टींवर त्याची सत्ता होती. त्या काळचा चेंडू जाड कातड्याचा असून त्याचें तोंड वादीनें आंवळलेलें असे. कोरडा असतां त्याचें वजन नियमाप्रमाणें तेरा ते पंधरा औंस असे, पण पावसांत पाणी पिऊन तो जड होई. येथें बालखेळाडूंस इशारा देणें आमचें कर्तव्य आहे. डोक्यानें वारंवार चेंडू मारण्यानें मेंदूस अपाय होऊं शकतो असें पुढील काळांत दिसून आलें, आणि २०२० सालीं इंग्लंडांत प्राथमिक शाळेच्या वयाच्या मुलांच्या सरावांत तें करूं नये असें ठरविण्यांत आलें. मोठ्यांचें अनुकरण करतांना वयाचें भान सुटूं नये.

कौशल्याहून अधिक मोलाची गोष्ट पुढें आहे. पुढच्या फळीच्या मध्यावर खेळणारा, त्यांतहि गोलांचा पाऊस पाडणारा, प्रतिपक्षाच्या डोळ्यांत सलणारच. डीनच्या पायांवर लाथा बसत, बरगड्यांत कोंपर बसे, पाठीवर धक्के बसत. खेळाच्या ओघांत धक्के देणें हें तेव्हां आजच्याहून अधिक चालत असे. इतकें असूनहि आपल्या दीर्घ कारकीर्दींत पंचानें त्याला एकदांहि मैदानाबाहेर काढलें नाहीं. लाथेस लाथेनें उत्तर देणें त्याच्या अंगच्या बळास कठीण नव्हतें; परंतु त्यानें आपलें उत्तर चेंडूनें दिलें. बळ नसतांना सोसणें ही लाचारी असते. बळ असतां आवरणें हा संयम. धर्मशिक्षणाच्या तासाला हा शब्द आपण पुष्कळदां ऐकतों. मैदानावर तो डोळ्यांनीं पाहावयास मिळतो.

आतां त्या आठ पौंडांकडे वळूं. धंदेवाईक खेळाडूच्या पगाराची कमाल मर्यादा इंग्लंडांत १९०१ सालीं आठवड्यास चार पौंड अशी ठरली. १९२२ पासून ती हंगामांत आठ व उन्हाळ्याच्या सुटींत सहा पौंड झाली. जिंकल्यास दोन पौंड व बरोबरीस एक पौंड वर मिळे. कुशल कारागिराची आठवड्याची मजुरी त्या काळीं तीन पौंडांच्या आसपास असे, तेव्हां खेळाडू उपाशी होता असें म्हणतां येणार नाहीं. परंतु कारागिराचे हात साठ वर्षांपर्यंत चालतात, खेळाडूचे पाय तीस-पस्तीस वर्षांपर्यंतच. शिवाय ज्याला पाहावयास हजारों लोक पैसे भरून येत, त्याला आणि त्याच्या शेजारच्या सामान्य खेळाडूला मर्यादा तीच. १९२८ च्याच ऑक्टोबरांत आर्सेनलनें बोल्टनला दहा हजारांहून अधिक पौंड देऊन डेव्हिड जॅक या खेळाडूस घेतलें. म्हणजे खेळाडूची किंमत हजारोंनीं होत होती, पण ती त्याच्या मालकास मिळत होती; खेळाडूस मिळे तो पगार ठरलेलाच.

साठ गोलांनंतरचा मार्गहि सरळ नव्हता. अवघ्या दोन वर्षांनीं, १९३० सालीं, एव्हर्टन पहिल्या वर्गाच्या तळाशीं जाऊन दुसऱ्यांत उतरला. डीन संघ सोडून गेला नाहीं. पुढल्याच हंगामांत लीगमध्यें एकोणचाळीस गोल करून त्यानें संघास पुन्हा वर नेलें. १९३२ सालीं एव्हर्टन पहिल्या वर्गाचा विजेता झाला. आणि १९३३ सालीं डीनच्या नायकत्वाखालीं त्यानें मँचेस्टर सिटीचा ३-० असा पराभव करून एफ. ए. कप जिंकला. या अंतिम सामन्यांत खेळाडूंच्या पाठीवर आंकडे घातले होते, एव्हर्टनच्या १ ते ११ व सिटीच्या १२ ते २२. कपच्या अंतिम सामन्यांत असें प्रथमच घडलें. डीनच्या पाठीवर ९ होता. १९३६ सालीं लीगमधील एकंदर गोलांचा स्टीव्ह ब्लूमर याचा जुना उच्चांकहि त्यानें मागें टाकला. इंग्लंडच्या संघांतून तो सोळा सामने खेळला व अठरा गोल केले.

पण लाथा खाल्लेले पाय आतां थकत चालले होते. १९३६-३७ च्या हंगामांत एव्हर्टननें बर्न्लीकडून टॉमी लॉटन नांवाचा सतरा वर्षांचा मुलगा आणला. तो कोणाची जागा घेण्यास आला आहे हें सर्वांस ठाऊक होतें. डीनला तर होतेंच. त्यानें त्या मुलाचा द्वेष केला नाहीं. तूं माझ्या जागीं यावयाचा आहेस हें मी जाणतों, माझ्याकडून होईल तें साह्य तुला करीन, अशा अर्थाचें बोलून त्यानें त्याला डोक्यानें चेंडू मारण्याची आपली विद्या शिकविली. १९३९ सालीं एव्हर्टन पुन्हा विजेता झाला, तेव्हां त्याचा प्रमुख गोल करणारा लॉटन होता. साठावा गोल करणें दुर्मिळ खरें; पण आपली जागा घेणाऱ्यास आपली विद्या देणें त्याहून दुर्मिळ आहे.

१९३८ च्या मार्चमध्यें एव्हर्टननें डीनला नॉट्स काउंटीकडे दिलें. त्यानें एव्हर्टनसाठीं लीगच्या ३९९ सामन्यांत ३४९ गोल केले होते. पुढें १९३९ सालीं तो कांहीं काळ आयर्लंडांत स्लायगो रोव्हर्सकडून खेळला. मग दुसरें महायुद्ध सुरू झालें व तो सैन्यांत गेला. युद्धानंतर उदरनिर्वाहासाठीं त्यानें चेस्टर शहरांत ‘डब्लिन पॅकेट’ नांवाची खानावळवजा मद्यशाळा बरींच वर्षें चालविली, आणि त्यानंतर लिव्हरपूलच्या लिटलवुड्स या कंपनींत हमालवजा नोकरी केली. फुटबॉल सामन्यांच्या निकालांवर लोकांनीं लावलेल्या पैजांचा तिचा मोठा व्यवहार होता. ज्यानें एके काळीं सामन्यांचे निकाल घडविले, तो आतां त्या निकालांवर चालणाऱ्या धंद्यांत साधा नोकर होता! त्याबद्दल त्याला दोष देण्याचें कारण नाहीं. कष्टाच्या भाकरीस कमीपणा नसतो. १९६४ सालीं एव्हर्टननें त्याच्या साह्यार्थ एक सामना करविला, तेव्हां जुनें ऋण आठवून लोक मोठ्या संख्येनें आले. १९७६ सालीं त्याचा उजवा पाय कापावा लागला. १ मार्च १९८० रोजीं एव्हर्टन-लिव्हरपूल सामना पाहत असतां, त्याच गुडिसन पार्कवर, वयाच्या त्र्याहत्तराव्या वर्षीं त्याचें निधन झालें.

पालक विचारतात, खेळानें पोट भरेल काय? डीनचें चरित्र सांगतें कीं, अलौकिक खेळाडूचेंहि पोट खेळानें बारा-चौदा वर्षेंच भरलें, आणि पुढचीं चाळीस वर्षें दुसऱ्या कामानें भरावीं लागलीं. आज मोठ्या क्लबांतील खेळाडूंस अपार धन मिळतें हें खरें; पण तेथवर पोंचणारे हजारांत एक-दोन. म्हणून मुलास खेळूं द्यावें, मात्र त्याच्या हातास एखादा हुन्नर व डोक्यास विद्या अवश्य द्यावी. खेळ बंद करूं नये. कारण कोंपर बसला असतां हात आवरणें कोणत्याहि पुस्तकांतून शिकतां येत नाहीं.

आणि विद्यार्थ्यांस शेवटीं एक गोष्ट सांगावयाची आहे. पगाराची ती कमाल मर्यादा खेळाडूंच्या संघटनेनें जिमी हिल याच्या पुढारीपणाखालीं एकजुटीनें संपाची तयारी केली तेव्हां, १९६१ च्या जानेवारींत, उठली. करार संपलेल्या खेळाडूस अडकवून ठेवण्याची चाल अन्याय्य आहे असा निकाल जॉर्ज ईस्टहॅम याच्या खटल्यांत न्यायालयानें १९६३ सालीं दिला. डीनला या दोहोंचाहि लाभ मिळाला नाहीं. प्रेक्षकांचें मन रमावें म्हणून ऑफ-साइडचा नियम एका उन्हाळ्यांत बदलला. खेळाडूस न्याय मिळावा म्हणून पगाराचा नियम बदलण्यास त्यानंतर छत्तीस वर्षें लागलीं. नियम पाळावा, हें डीननें आयुष्यभर करून दाखविलें. पण नियम न्याय्य आहे किंवा नाहीं हें पाहण्याचें कामहि कोणीतरी केलें पाहिजे. तुम्ही मोठे होऊन क्लबांचे चिटणीस, कारखान्यांचे मालक वा सरकारी अधिकारी व्हाल, आणि दुसऱ्यांच्या श्रमाचे नियम तुमच्या हातांत येतील. त्या दिवशीं साठ गोलांबरोबर आठ पौंडहि तुमच्या स्मरणांत असावे.